भयंकर भविष्याचे चार शनिवार

माणसांना घाबरवणं हा माझा पोटापाण्याचा धंदा होता, असं म्हटलं तर कुणीतरी पोलिसांना बोलवायचं, म्हणून नीट सांगतो. मी चित्रपट शिकवायचो. त्यातही माझा हातखंडा विषय म्हणजे भयंकर भविष्यकाळाचे विज्ञानपट. त्यात यंत्रं राज्य करतात, माणसं खाली मान घालून रांगेत चालतात, आणि आकाश कायम ओट्यावरच्या फडक्यासारखं मळकट असतं. माझ्या तासाला पोरं पांढरीफटक पडायची. काही चित्रपटामुळे, काही माझ्या प्रश्नांमुळे. पुढे निवृत्त झालो, गुडघ्यांनी राजीनामा दिला, मुलगी परदेशी स्थायिक झाली, आणि आम्ही नवराबायको या वृद्धनिवासात राहायला आलो. इथे मला कुणी घाबरत नाही. सगळे ‘मास्तर’ म्हणतात आणि बिस्किटांचा पुडा पुढे करतात.

एका सकाळी भोजनगृहाच्या दारावर सूचना लागली. पुढच्या महिन्यापासून पुरुष खालच्या मजल्यावर, महिला वरच्या मजल्यावर. जोडप्यांना अपवाद नाही. कारण, देखभालीतील सुलभता.

माझं डोकंच फिरलं. सबंध संसारात मी आणि बायको कधी धड आठवडाभरसुद्धा वेगळे राहिलो नाही. भांडलो, अबोला धरला, पण अबोला धरायलाही माणूस समोर लागतं. मी तडक ऑफिसात गेलो. इथल्या व्यवस्थापिका मॅडम आमच्या मुलीपेक्षाही लहान, आणि बोलणं इतकं गोड की भांडणाऱ्यालाच अपराधी वाटावं.

“काका, मावशी कुठे लांब चालल्यात? एक जिना तर आहे,” त्या म्हणाल्या.

“माझे गुडघे बघितलेत का?”

“म्हणून तर तुम्हाला खालचा मजला दिलाय!”

मी गुडघे चोळत बाहेर आलो.

इथे एकंदर चार जोडपी. मी त्यांना चेतवायचं ठरवलं. आमचे शेजारी डॉक्टर, म्हणजे जन्मभर लोकांचे दात उपटलेले गृहस्थ, त्यांच्याकडे आधी गेलो. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, “पण वरचा मजला बायकांनाच का? वर ऊन छान येतं.” बंडाची ठिणगी म्हणावी तर ती एवढीच. माझ्या स्वतःच्या बायकोला सांगितलं, तर तिनं विणकामातून मान वर न करता “बघा काय ते” म्हटलं.

पण माझ्या हातात एक शस्त्र होतं. दर शनिवारी चहानंतर मोठ्या खोलीत चित्रपट दाखवतात, आणि तो निवडायचं काम माझं. आधी मी प्रस्तावना करतो, नंतर चर्चा घेतो. चर्चा म्हणजे मी बोलतो आणि बाकीचे आपापली काठी शोधतात. आजवर मी त्यांना हलकेफुलके चित्रपट दाखवत आलो होतो. आता म्हटलं, बास झाले लाड. महिनाभर असे चित्रपट दाखवतो की या म्हाताऱ्यांचं रक्त उसळलं पाहिजे.

पहिल्या शनिवारी लावला तो चित्रपट असा, की एका शहरात माणसांची नावं काढून घेतली आहेत आणि छातीवर फक्त क्रमांक उरलेत. नायक आपलं हरवलेलं नाव शोधत वणवण फिरतो. शेवटी त्याला ते सापडतं, पण हाक मारायला ओळखीचं कुणी उरलेलं नसतं. मी स्वतः तो कितीदा तरी पाहिलाय, आणि दर वेळी शेवटाला चष्मा पुसावा लागतो. दिवे लागले. मी खोल आवाजात विचारलं, “काय वाटलं?”

मग बँकेतून निवृत्त झालेल्या मावशी म्हणाल्या, “क्रमांकाची कल्पना चांगली आहे हो. माझा निळा गाऊन धुवायला दिला तो अजून परत आलेला नाही.”

“खरंय,” डॉक्टर म्हणाले. “माझ्याकडे कुणाचे तरी तीन पायमोजे आलेत.”

मॅडम मागच्या खुर्चीवर बसून सगळं लक्ष देऊन ऐकत होत्या. दोनच दिवसांत आमच्या सगळ्या कपड्यांवर क्रमांक शिवलेले होते. मावशींचा गाऊन सापडला. त्यांनी भर भोजनगृहात माझे आभार मानले. करायला गेलो एक आणि झालं भलतंच.

दुसऱ्या शनिवारी जरा जालीम औषध काढलं. यातल्या शहरात एक मंजुळ आवाज दिवसभर लोकांना सांगत असतो, आता उठा, आता जेवा, आता आनंदी व्हा. चित्रपटभर तो आवाज एकदाही चढत नाही, आणि सगळी दहशत त्यातच आहे. प्रस्तावनेत मी हे घसा फोडून सांगितलं. म्हटलं, हुकूमशहा ओरडतो तोवर बरं असतं, तो काळजी करायला लागला की समजावं आपलं काही खरं नाही.

चित्रपट संपल्यावर डॉक्टर गंभीर झालेले दिसले. मला आशा वाटली. ते म्हणाले, “असा आवाज इथे हवा. माझी रक्तदाबाची गोळी रोज राहते.”

पुढच्या सोमवारी जिन्याजवळ स्पीकर बसला. त्यातून मॅडम स्वतः बोलायच्या. “आजीआजोबा, गोळ्या घेतल्या का? शाब्बास!” आणि लोक खरंच त्या डब्याकडे बघून “हो, घेतल्या” म्हणायचे. मीसुद्धा एकदा म्हणालो. हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

गाढवापुढे वाचली गीता म्हणतात ती अशी. त्यातही गाढव गीता ऐकून सुधारलं असतं तर गोष्ट वेगळी, इथे तर ते गीतेतून चाऱ्याची यादी काढत होतं. तरी मी हट्टाला पेटलो. तिसऱ्या शनिवारचा चित्रपट थेट आमच्या वर्मावर बोट ठेवणारा होता. त्यातलं सरकार ठरवतं की कुणी कुणाशेजारी राहायचं. एका बाईला तिच्या माणसापासून काढून दुसऱ्या इमारतीत नेतात, कारण हिशेबाने ते जास्त सोयीचं असतं. नवी जागा स्वच्छ, हवेशीर. कुणी मारत नाही, कुणी ओरडत नाही.

“आता बोला,” मी जवळजवळ दरडावलंच.

“त्या नव्या घराला दोन खिडक्या होत्या,” मावशी म्हणाल्या.

आणि मॅडमनी काय उचललं असेल? भोजनगृहातल्या जागा नेमून दिल्या, म्हणजे म्हणे सगळ्यांच्या ओळखी होतील. माझ्या वाट्याला आलेले गृहस्थ फक्त स्वतःच्या मूतखड्याबद्दल बोलायचे. तो वाटाण्याएवढा होता, हे ते मला वाटाणे वाढले जात असतानाच सांगायचे.

त्या रात्री खोलीत मी येरझाऱ्या घालत बायकोला समजावत होतो. या चित्रपटांची ताकद कशात असते? मुळात त्या जगाला स्वतःचा तर्क असतो. दुसरं, त्यातलं प्रत्येक वाईट हे आजच्या एखाद्या सोयीचं मोठं झालेलं पोर असतं. तिसरं, प्रकाशयोजना...

“अहो,” ती म्हणाली, “मला काय त्या सरकारची भीती नाही वाटली.”

“झालं! तूसुद्धा?”

“त्या बाईची वाटली. नव्या घरात पहिल्यांदा जेवायला बसते, आणि मिठाची बाटली उचलून पलीकडे सरकवते. पलीकडे कुणीच नसतं. तेवढं बघून मला कसंसंच झालं.”

मी उभाच राहिलो. तो क्षण मी पोरांना अनेकदा दाखवला होता, आणि दर वेळी त्यातल्या भिंतीच्या रंगाबद्दल बोललो होतो. तिनं सांगितलं ते शंभर टक्के बरोबर होतं. ते किती बरोबर आहे हे मी तिला पुढे तासभर समजावून सांगितलं.

चौथा शनिवार आला. स्थलांतर सोमवारी होतं. मोठ्या खोलीत पोचलो तर प्रोजेक्टरच जागेवर नाही. मॅडमनी तो दुरुस्तीच्या दुकानात साफसफाईला पाठवला होता, माझ्या सेवेची कदर म्हणून. सगळे आपापल्या जागी बसलेले. मंडळी परत जायला उठणार, तेवढ्यात मी म्हटलं, “बसा. आज मी चित्रपट सांगतो.”

“आमचा हा चित्रपट असाय,” मी सुरू केलं, “की भविष्यातलं एक वृद्धनिवास आहे. स्वच्छ, हवेशीर. एक म्हातारा आणि एक म्हातारी, दोघं वेगवेगळ्या मजल्यांवर. त्यांना रोज दुपारी भेटायला वेळ दिलाय. पहिल्या दिवशी दोघं नटूनथटून येतात. म्हातारा विचारतो, तब्येत कशी आहे? म्हातारी सांगते, बरी आहे. मुलीचा फोन आला होता का? आला होता. झालं, महत्त्वाचं संपलं.”

कुणीतरी हसलं. मी पुढे सांगत राहिलो. आता मलाच पुढचं दिसत होतं आणि नकोसं वाटत होतं.

“एरवी दिवसभर ही दोघं काय बोलायची? आज नळाला पाणी कमी आहे. तुमचा चष्मा डोक्यावर आहे. तो कावळा बघा कसा वाकडा चालतोय. असलं काही सांगायला कुणी वेळ ठरवून जिना उतरून येत नाही. म्हातारीला कावळा दिसतो, ती वळून बघते, आणि दुपारपर्यंत कावळा विसरून जाते. हळूहळू भेटीत बोलायला काही उरत नाही. दोघं समोरासमोर बसतात, पाहुण्यांसारखी. मग एक दिवस म्हातारा म्हणतो, आज गुडघा दुखतोय, उद्या येईन. ती म्हणते, काही हरकत नाही. त्या जगात कुणी रडत नाही. सगळे वेळेवर जेवतात.”

मी थांबलो. डॉक्टरांनी बायकोची शाल ओढून नीट केली, ती नीटच होती. बँकवाल्या मावशींचे यजमान जाऊन बरीच वर्षं झालीत, त्या माझ्याकडे बघत नव्हत्या. काठी कुणीच शोधली नाही.

मॅडम मागून पुढे आल्या. नाक लाल, डोळे भरलेले. “काका, नाही करायचं आपण ते,” त्या म्हणाल्या आणि तरातरा जाऊन दारावरचा कागद फाडून आल्या. टाळ्या पडल्या. डॉक्टरांनी माझा हात धरून गदागदा हलवला. इतक्या वर्षांच्या नोकरीत माझ्या तासाला कुणी टाळ्या वाजवल्या नव्हत्या, म्हणून मी कोपऱ्यात उभा राहून त्या पुरवून पुरवून ऐकल्या.

मंडळी पांगल्यावर मॅडमनी मला बाजूला घेतलं. “काका, एक सांगू? रागावू नका. हे वेगळं ठेवण्याचं माझ्या डोक्यात कधीच नव्हतं. मागे मावशी माझ्याकडे येऊन बसल्या होत्या.”

“कुठल्या मावशी?”

“आपल्या मावशी. म्हणाल्या, मला थोडे दिवस वेगळी खोली मिळेल का? मला वाटलं, तुम्हा दोघांनाच वेगळं केलं तर लोक नाही नाही ते बोलतील, तुम्हालाही वाईट वाटेल. म्हणून मग सगळ्यांसाठीच नियम केला.”

माझ्या तोंडचं पाणी पळालं. ज्या हुकूमशाहीविरुद्ध मी महिनाभर दंड थोपटत होतो, ती माझ्याच खोलीत खाटेवर बसून स्वेटर विणत होती.

खोलीत गेलो. ती खिडकीशी बसली होती. माझा चेहरा बघून तिला कळलंच.

“सांगितलं वाटतं पोरीनं,” ती म्हणाली.

“तू मागितलीस? वेगळी खोली? अगं, का?”

“अहो, तुम्ही बोलता.”

“म्हणजे?”

“सतत बोलता. सगळं समजावता. सकाळी उठल्यापासून मला काय दिसलं, ते का दिसलं, त्यात काय बघायला हवं होतं. पोरांना निदान घंटा व्हायची. मला वाटलं, काही दिवस एखादी गोष्ट बघावी आणि ती आपली आपल्याशीच राहू द्यावी.” तिनं लोकर बाजूला ठेवली. “मागितलं खरं. आणि मग तो कागद सगळ्यांच्याच नशिबी आला, तेव्हा मला तोंड दाखवायला जागा उरली नाही.”

“मग मी एवढा झगडलो ते?”

“छान झगडलात. आजची गोष्ट फार छान होती. मला रडू आलं.” ती थोडी थांबली. “पण तुमच्या चित्रपटांतलं सरकार लोकांना न विचारता ठरवतं म्हणून तुम्ही चिडता ना? आपण एकत्र राहायचं, हे तुम्ही ठरवलंत. मला विचारलं होतंत?”

माझ्याकडे उत्तरं तीन होती, उदाहरणांसह. तोंड उघडलंसुद्धा. मग मिटलं.

आयुष्यात पहिल्यांदा, खरंच पहिल्यांदा, मी तिला विचारलं, “तुला काय हवंय?”

तिला वाटलं नसावं की मी विचारीन. ती माझ्याकडे बघत राहिली, मग खिडकीबाहेर. “थांबा,” ती म्हणाली. “मला जरा विचार करू द्या. आणि मध्ये बोलू नका.”

मी खाटेच्या कडेवर बसलो. हातांचं काय करायचं ते कळेना, म्हणून ते मांडीवर ठेवले. ती उठून गेली तर या खोलीत मी कुणाला काय सांगणार होतो? मला भीती वाटत होती, साधी, पोटातली. आणि त्या भीतीची ताकद कशात आहे हे कुणालाही समजावून सांगायची मला मुळीच इच्छा नव्हती.

ती अजून विचार करत होती.