शामच्या वावरातले खाडे

कारगिलच्या लढाईत शामचा डावा पाय गुडघ्याखाली गेला. सरकारने नकली पाय दिला. तो सडकेवर छान चालायचा, पण फुलसावंगीजवळच्या शामच्या वावरात, ओल्या काळ्या मातीत, दोन पावलांत रुतून बसायचा. मग उभ्या पिकातले तण काढायला बैलांच्या डवऱ्यामागे चालणार कोण? गडी लावायला पैसे नव्हते. आई जमनीने एकदाचे सांगून टाकले होते: यंदाची डवरणी घरच्यांच्या हातून झाली तर ठीक, नाहीतर वावर चुलतभाऊ बाबुलालला मक्त्याने द्यायचे आणि शामने महागावात चौकीदारी धरायची. चौकीदारीचे नाव निघाले की शाम भरल्या ताटावरून उठे.

म्हणून त्याच्या बायकोने, संगीताने, डवरा धरला. बाईने औत धरले की पाऊस रुसतो म्हणे. तीन वर्षे गड्यांनीच धरले होते, तरी तो रुसायचा राहिला नव्हता.

पहिल्याच ओळीला बैल बिचकले, डवरा वाकडा गेला आणि पऱ्हाटीची, कपाशीची, बोटभर रोपे कापत सुटला. संगीताने बैल आवरेपर्यंत निम्मी ओळ साफ झाली होती. वावराच्या कडेला धुऱ्यावर उभा बाबुलाल हसला.

"वहिनी, पीक कापाले अजून टाइम हाय."

 वावर गेलेच, असे संगीताला वाटले.

शामने धुऱ्यावर बसून नकली पाय सोडला, सरकीची थैली गळ्यात अडकवली आणि बसल्या बसल्या हातांवर सरकत ओळीत शिरला. बोटाने भोक, दोन दाणे, वर माती. की पुढचे भोक. रोपे गेलेल्या रिकाम्या जागा, खाडे, भरायचे काम त्यांच्या बंजारा तांड्यात बायकांचे. त्यात हा फौजी. संगीता धावत आली.

"उठा ना. लोक पाहून राह्यले."

"पाहू दे. तिथं टेकडीवर असाच सरकत गेलतो, तवा समदे शाबास म्हनत. तू डवरा धर. जेवढं कापशीन, तेवढं मी लावतो."

असा माणूस आपल्या वाट्याला आला, याचा संगीताला फार अभिमान वाटला. ती बैलांकडे वळली. दुसरी ओळ जरा सरळ गेली. तिसरीत चारच रोपे गेली.

दुपारी जमनी भाकरी घेऊन आली आणि लेकाला चिखलात बघून थबकली. बाबुलाल लगबगीने पुढे झाला.

"काकी, पाह्यलं ना? आता तरी वावर मले दे."

जमनीने भाकरी धुऱ्यावर ठेवली, घागरा खोचला आणि लेकाशेजारी मातीत बसकण मारली. थैलीत हात घातला, तर सरकी मूठभरच उरलेली.

"बाबुलाल," ती म्हणाली, "रिकामा उभा काहून हायेस? घरी जा, सरकी आन."