तसबिरींसाठी पुसलेली वाट

सकाळी ताई रेखाटनाच्या दालनात शिरली तेव्हा भिंतीवरचा मोठा नकाशा एका कोपऱ्यात ओला होता. विणकरांच्या जगाकडे जाणारी निळी रेघ जिथं असायची, तिथं पांढुरका डाग उरला होता. खाली स्टुलावर बसून पुसणारे काका फडकं पिळत होते.

"काका, ही वाट कुणी पुसली?"

"मीच. अध्यक्षांनी सांगितलं."

"अहो, आई गेलीय तिकडे!"

काकांचे हात थांबले. "मला कुठं कोण काय सांगतंय? रेघ दाखवतात, मी पुसतो."

ताई जिथं काम करायची तो नकाशाकारांचा हा संघ जगाजगांमधल्या जादूच्या वाटा आखायचा. वाटेच्या दोन्ही टोकांची माती शाईत खलायची आणि रेघ ओढायची. रेघ आहे तोवर वाट उघडी. रेघ पुसली की वाट दिवसभर आक्रसत जायची आणि संध्याकाळी तिथं साधी भिंत उरायची. ताईची धाकटी बहीण लग्न करून विणकरांच्या जगात गेली होती. नुकतीच तिला मुलगी झाली, म्हणून आई तिच्याकडे राहायला गेली होती. संघात हे शिपायापासून अध्यक्षांपर्यंत सगळ्यांना ठाऊक होतं.

ताई तडक अध्यक्षांच्या खोलीत गेली. ते नव्या सभागृहाच्या आराखड्यावर वाकले होते.

"ती वाट आपल्या झाडू-बादल्यांच्या खोलीत उघडते," ते शांतपणे म्हणाले. "आता तिथं सभागृह होणार, माजी अध्यक्षांच्या तसबिरी लागणार. वाटेतून सारखा दमट वारा येतो. तसबिरींना बुरशी धरेल."

"तसबिरींना बुरशी धरेल म्हणून वाट पुसली?"

"आवाज चढवू नका. बैठकीत ठरलंय."

"मला बैठकीला बोलावलं नाही."

"तुम्हाला वाईट वाटलं असतं. म्हणूनच नाही बोलावलं."

ताईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "तिकडे माणसं राहतात, साहेब! माझी बहीण राहते. माझी आई आत्ता तिथं आहे!"

"मग घेऊन या की त्यांना. संध्याकाळपर्यंत वेळ आहे," अध्यक्ष म्हणाले आणि पुन्हा आराखड्यावर वाकले. "आम्हालाही मन आहे."

आणखी क्षणभर थांबली असती तर हातातली शाई-लेखणीची पिशवी ताईनं त्यांच्या डोक्यात घातली असती. ती पाय आपटत झाडूंच्या खोलीत गेली, बादल्या बाजूला सारल्या आणि वाटेत शिरली. एरवी दोन माणसं मध्ये गाठोडं धरून आरामात जातील एवढी ती वाट रुंद. आज दोन्ही खांद्यांना धुकं घासत होतं, ओल्या लोकरीसारखं. ताईला मान खाली घालून चालावं लागलं, आणि त्याचाही तिला संताप आला.

वाट थेट धाकटीच्या घराच्या दारात उघडायची. पुढच्या खोलीत मोठा माग होता. जावई तुटलेला धागा जोडत होता आणि आई नातीला मांडीवर घेऊन बसली होती. ताईनं धापा टाकत सगळं सांगितलं.

"चल आई, ऊठ. तूही चल गं, बाळाला घे. जावईबापू, तुम्हीसुद्धा."

कुणीच उठलं नाही.

"कुठं चल?" धाकटी म्हणाली. "माझं घर इथं आहे. यांचा माग इथं आहे. अख्खं गाव आहे. त्यांना कोण सांगणार? की गाव पण पुसलं तुम्ही?"

"मी नाही पुसलं!"

"तुझ्याच संघानं पुसलं ना? तिथं बसून तुम्ही ठरवणार आमची वाट ठेवायची की नाही. आम्हाला कधी विचारलंत?"

सकाळपासून ताई आपल्याला विचारलं नाही म्हणून पेटली होती. इकडच्यांना विचारायचं असतं, हे तिच्याही डोक्यात कधी आलं नव्हतं. तिचा चेहरा उतरला.

"भांडण नंतर करा," आई म्हणाली. "रेघ इकडून ओढली तर चालत नाही का?"

"चालेल. पण संघात येताना शपथ घ्यावी लागते. दुसऱ्या जगात बसून कुणी नकाशा काढायचा नाही."

"का?"

का, ते ताईला कुणी कधी सांगितलं नव्हतं. आता तिचं तिलाच कळलं: रेघ इकडेही असली तर पुसायचा हुकूम चालणार कसा?

तिनं पायातल्या चपला काढल्या आणि त्यांच्या तळांना चिकटलेली झाडूंच्या खोलीतली धूळ खरवडली. जावयानं अंगणातली मूठभर माती आणली. पिशवीतली शाई वाटीत ओतून धाकटीनं ती खलली. मागाच्या वरच्या भिंतीवर ताईनं रेघ ओढली. रागाच्या भरात ओढलेली ती रेघ जराशी वाकडी आली. दारातलं धुकं मागं सरकलं आणि वाट दोन माणसांएवढी रुंद झाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी अध्यक्ष चार सभासदांना घेऊन झाडूंच्या खोलीत सभागृहाची मापं घेत होते. समोर साधी भिंत असायला हवी होती. तिथून गार वारा आला आणि वाऱ्यामागून आई आली. तिच्या पाठोपाठ ताई.

"वाट कुणी काढली?" अध्यक्ष ओरडले.

"मी," ताई म्हणाली. "तिकडच्या भिंतीवर आहे. पुसायची असेल तर त्या गावाला विचारून या."

"शपथ मोडलीत तुम्ही! या क्षणापासून संघात तुमची जागा नाही!"

"जिथं तसबिरींची काळजी जास्त, तिथं मला जागा नकोच आहे."

"आणि हो," आई म्हणाली, "मी कायमची तिकडेच अडकले असते तर माझी तसबीर लावली असतीत का?"

चौघांपैकी एकाला हसू आलं. अध्यक्षांनी त्याच्याकडे पाहिल्यावर त्यानं ते खोकल्यात लपवलं.

ताईला खरंच काढलं. इतक्या वर्षांच्या कामाबद्दल कुणी चांगला शब्दही बोललं नाही, आणि ते तिला अजून सलतं. सभागृह मात्र वरच्या मजल्यावर न्यावं लागलं. पुढं मिठागरांच्या जगातून दोन बायका तिला शोधत आल्या. त्यांचीही वाट पुसायची चर्चा चालू आहे म्हणाल्या. ताईनं पाणीसुद्धा विचारलं नाही, आधी एवढंच विचारलं, "तुमच्या अंगणातली माती आणलीय का?"