अलाइडाचे चाळीस सेकंद

मी एक जुनी फिल्म आहे; कित्येक वर्षे हार्लेम या डच शहरातल्या एका घराच्या माळ्यावर पत्र्याच्या डब्यात गुंडाळून ठेवलेली होते. मित्रांनो, माझे अंग कापूस आणि आम्ल यांपासून बनले. एका ठिणगीने मी पेटते, आणि पेटले की पाण्याखालीही विझत नाही.

अलाइडा फेरस्खूर या नटीने नऊ मूकपट केले. तेव्हा लोक तिला रस्त्यात ओळखत. मग बोलपट आले आणि तिला बोलावणे थांबले. कंपनीने माझ्या बहिणींना, म्हणजे तिच्या बाकीच्या फिल्मना, त्यांतल्या चांदीसाठी वितळवले. मला मात्र अलाइडाने कोटाखाली लपवून घरी आणले. पुढे ती टोप्यांच्या दुकानात लागली. तिथे तिला कुणी ओळखले नाही.

तिचा चेहरा आता फक्त माझ्यात उरला आहे, तोही सर्वांत आतल्या टोकाला: बोटीवरून ती मागे वळून पाहते.

तिच्यानंतर मी तिची भाची टिनेके हिच्याकडे आले. समुद्रसपाटीखालच्या या प्रदेशात माणसे ओलीला भितात, उबेला नाही. टिनेकेने झाकणाभोवती चिकटपट्टी गुंडाळली आणि मला धुराड्याच्या गरम भिंतीलगत ठेवले. माझ्यातून निघणारा वायू आतच कोंडला आणि मलाच खाऊ लागला. बाहेरची वेटोळी मधासारखी चिकट झाली, त्यांवरची चित्रे पुसली. सड आतल्या टोकापासून किती दूर आहे, एवढेच मी मोजत राहिले.

एकदा टिनेकेसोबत तिचा नवरा योप पाइप ओढत माळ्यावर आला. त्याला माझ्या सडण्याचा वास आला.

"तुझी मावशी अजून अत्तर लावते वाटतं. गुरुवारच्या कचऱ्यात टाकूया."

पाइपमधला निखारा डब्यावर झुकला होता. टिनेकेने डबा ओढून घेतला आणि फिल्म जपणाऱ्या संस्थेला फोन केला.

फेम्के नावाची मुलगी आली. "काका, आधी पाइप खाली ठेवून या," ती शांतपणे म्हणाली. मग तिने पट्टी सोडवली. "ही कोणी लावली?"

"मीच. ओल लागू नये म्हणून."

"फिल्मला हवा हवी होती, काकू. आणि गारवा."

टिनेके खाली बसली.

फेम्केने माझा सडलेला भाग कापून टाकला. आतल्या टोकाचे चौदा मीटर उरले, म्हणजे चाळीस सेकंद. त्यांची नवी प्रत काढायची आहे. तोवर मी संस्थेच्या थंड कोठीत आहे, झाकण किंचित उघडे. सडणे मंदावले आहे, थांबलेले नाही.

मित्रांनो, जपायची वस्तू कोंडून ठेवू नका. अधूनमधून झाकण काढून पाहा. मी अजून पडद्यावर फिरलेली नाही, म्हणून बोटीवरची अलाइडा अजून वळलेली नाही.