निलूचं ‘बाबा’

आमच्या चर्चच्या तळघरात दर गुरुवारी पिरोही होतात. मैद्याच्या पारीत कुस्करलेला बटाटा भरायचा, कडा चिमटून मिटायच्या आणि उकळत्या पाण्यात सोडायच्या. शुक्रवारी कॅनडातल्या आमच्या विनिपेग शहराचा अर्धा नॉर्थ एंड त्या न्यायला रांग लावतो. काम सगळ्यांना सारखंच पडतं, पण बसायची जागा सारखी नाही. मधल्या लांब टेबलाशी कडा चिमटायला बसतात त्या बाबा. बाबा म्हणजे आमच्या युक्रेनीत आजी. ज्या बाईला नातवंडाने त्या नावाने हाक मारली, तिने टेबलाशी बसायचं, बाकीच्यांनी भिंतीकडच्या सिंकपाशी बटाटे सोलायचे. हा नियम कुठे लिहिलेला नाही. तो स्लाव्काच्या डोक्यात आहे, आणि त्या स्वयंपाकघरात स्लाव्काचंच राज्य असल्यामुळे तो बायबलातल्या आज्ञांपेक्षा जास्त पाळला जातो.

ओरिस्या बटाटे सोलायची. मी लग्न होऊन या चर्चमध्ये आले त्याच्या आधीपासून सोलत होती. तिला मूल झालं नाही, नवरा रेल्वेत होता तोही गेला. सगळं चर्च तिला तेता म्हणायचं. तेता म्हणजे मावशी, आत्या, काकू, काय म्हणाल ते. जिला दुसरं काय म्हणावं ते सुचत नाही ती तेता. ती ओ द्यायची, हसायची, पण सोलता सोलता टेबलाकडे कशी बघायची ते मी पाहिलेलं आहे. मला पाच नातवंडं. त्यातली दोनच मला बाबा म्हणतात, तीही वाढदिवसाच्या फोनवर, आईने कोपराने ढोसल्यावर. एवढ्या भांडवलावर मी खुर्ची अडवून बसले होते. तिच्याकडे नजर गेली की मला लाज वाटायची, आणि लाज वाटली की माझी बडबड वाढायची.

तर जानेवारीतल्या एका गुरुवारी ही ओरिस्या जिना उतरली ती कोट न काढता तडक टेबलाशी आली. टोपीवरचा बर्फ आमच्या पिठात पडत होता आणि तिला त्याचं भान नव्हतं.

“ती बोलली,” ओरिस्या म्हणाली. “मला बाबा म्हणाली.”

ती म्हणजे निलू. ओरिस्याच्या घरात वरच्या मजल्यावर भाडेकरू आहेत, त्यांची मुलगी. बाप बेहजाद, इराणचा, लोकांच्या न्हाणीघरांना फरशा बसवतो. आई रोवेना, फिलिपिन्सची, हॉस्पिटलात रात्रपाळी करते आणि सकाळी झोपते. त्यामुळे निलू वाढत होती ती ओरिस्याच्या मांडीवर. वर्षाची व्हायला आलेली, पुढे चार दात आणि बाकी सगळी लाळ. पहिला शब्द कधी येतो म्हणून तिघंही कान टवकारून होते.

टेबलाशी एकच गलका झाला. कुणी ओरिस्याच्या गळ्यात पडली, कुणी डोळे पुसले, मी तर खुर्चीसुद्धा सरकवली. स्लाव्काने मात्र कणकेवरून मान वर केली नाही. लेकरू कुठे आहे, एवढंच विचारलं. ओरिस्या म्हणाली, घरी, आईपाशी.

“मग आण इकडे,” स्लाव्का म्हणाली. “आमच्यासमोर म्हणू दे. उद्या कुणीही उठून सांगेल, माझं मांजर मला बाबा म्हणालं.”

ओरिस्या मुकाट्याने सिंककडे गेली, पण त्या दिवशी तिने बटाटे सोलले ते गाणं गुणगुणत.

भानगड झाली ती घरी. ओरिस्याने आनंदाच्या भरात वरच्या मजल्यावर बातमी सांगितली, तर बेहजाद म्हणाला, तेता, तो शब्द माझा आहे. फारसीत बाबा म्हणजे वडील. दाढी करताना त्याने स्वतःच्या कानांनी ऐकला होता, आणि तोवर शिराझला फोन करून त्याने अख्ख्या खानदानाला रडवलंही होतं. यावर रोवेना उशीत तोंड खुपसून हसत सुटली. तिच्या तागालोगमध्ये बाबा म्हणजे हनुवटी. नाक, डोळे, हनुवटी असं ती लेकीला कधीपासून शिकवत होती, आणि पोरगी तो शब्द म्हणताना दर वेळी हात हनुवटीला लावायची. तिचं म्हणणं, पोरीने शरीरशास्त्राला सुरुवात केली आहे, त्यात शिराझने रडायचं काय कारण? आठवडाभर त्या घरात जिन्यावरून वर खाली टोमण्यांची ये-जा चालली होती.

त्यामुळे पुढच्या गुरुवारी तळघरात ओरिस्या एकटी आली नाही, वरच्या मजल्यावरचे तिघंही आले. बेहजादने इस्त्रीचा शर्ट घातला होता. रोवेना झोप मोडून आली होती आणि तिला कशाचंही हसू येत होतं. निलूला इतक्या कपड्यांत गुंडाळलं होतं की आधी तिला सोलून काढावं लागलं.

स्लाव्काने टेबलाचा एक भाग पुसून घेतला, वर स्वच्छ टेबलक्लॉथ घातला आणि निलूला मधोमध बसवलं. तीन बाजूंना तीन दावेदार. शिकवायचं नाही, खुणा करायच्या नाहीत, ढोसायचं नाही, असं बजावलं. पातेली घासणारी हिमेना फडकं घेऊन मागे उभी राहिली. ती चिलीची, आमच्यातल्या एकाशी लग्न करून आलेली. तिला या प्रकरणात काही नको होतं, फक्त मजा बघायची होती.

निलूने सगळीकडे बघितलं. मग थेट स्लाव्काकडे बघून म्हणाली, “बाबा.”

स्लाव्काला नातवंडं आहेत, पतवंडंही आहेत, तरी ती लाजली. मी नाही बाई, तिकडे बघ, म्हणाली. निलूने तिकडे बघितलं आणि बेहजादला म्हणाली, बाबा. त्याने असे हात पसरले जणू निकाल लागला. रोवेनाने हळूच स्वतःच्या हनुवटीवर बोट ठेवलं, ते स्लाव्काने लाटणं उगारून खाली आणलं. तेवढ्यात निलूने एक कच्ची पिरोही मुठीत चिरडली आणि बोटांतून आलेल्या बटाट्याला म्हणाली, बाबा. मग खुर्चीला म्हणाली. मग मला म्हणाली, आणि खोटं कशाला बोलू, मला फार बरं वाटलं.

अशात वासाने फादर मिरोन जिना उतरून आले. त्यांची दाढी छातीपर्यंत. निलूने दोन्ही हातांनी ती धरली, ओढली आणि परमानंदाने म्हणाली, “बाबा, बाबा, बाबा.”

“फादर आहेत ना, म्हणजे वडीलच,” बेहजाद म्हणाला. “बरोबर ओळखलं तिने.”

“दाढी कुठे उगवते?” रोवेनाने विचारलं. “गुडघ्याला?”

फादर बिचारे वाकलेलेच होते, कारण दाढी सुटत नव्हती. शेवटी हिमेना पुढे झाली. तिने निलूचं तोंड फडक्याने पुसलं आणि ते ओलं फडकं सगळ्यांना दिसेल असं वर धरलं. म्हणाली, तुम्ही उगाच भांडताय, आमच्या स्पॅनिशमध्ये बाबा म्हणजे हे. लाळ. पोरगी जन्मल्यापासून खरं बोलतेय, तुम्हालाच कळत नाही.

त्यानंतर काही वेळ तळघरात कुणी शहाणं उरलं नाही. रोवेना बटाट्यांच्या पोत्यावर कोसळली. स्लाव्काने पिठाच्या हातांनी डोळे पुसले आणि तिला पांढऱ्या मिशा आल्या, त्या बघून निलू तिला पुन्हा बाबा म्हणाली. ओरिस्यासुद्धा हसत होती, पण कडेकडेने. ती अजून थांबलेली होती. तिला टेबलाशी बसायचं होतं आणि तिचा फैसला व्हायचा होता.

हसू ओसरल्यावर स्लाव्काला एकदम व्यवहार सुचला. ती म्हणाली, लेकरू काहीही बडबडेल, पण मुळात हा शब्द तिच्या कानावर घातला कुणी?

“मीच,” बेहजाद म्हणाला. “मी तिला बाबा म्हणतो.”

“बाप लेकीला बाप म्हणतो?”

“आमच्यात असंच असतं. लाडाने आपलंच नाव लेकराला द्यायचं. मी बाबा, म्हणून तीही बाबा. ऊठ बाबा, जेव बाबा. माझी आई मला अजून फोनवर आई म्हणते.”

एवढा सहा फुटी बाप्या आणि कुणाची तरी आई, या कल्पनेने टेबल पुन्हा उकळायला लागलं. स्लाव्काने हात वर करून ते शांत केलं आणि ओरिस्याकडे वळली.

“आणि तू? तिच्याशी बोलताना स्वतःला काय म्हणतेस?”

इथे ओरिस्याला थाप मारता आली असती. आम्ही सगळ्यांनी ती मान्य केली असती. मी तर मनातल्या मनात तिला सांगत होते, मार थाप, बाई, मार एकदाची.

“तेता म्हणते,” ओरिस्या म्हणाली. “ये तेताकडे. खा तेताच्या हातचं. दुसरं काय म्हणू? तिला दोन आज्या आहेत, लांब असल्या म्हणून काय झालं. त्यांच्या जागी मी आपणहून कशी बसू?”

तिच्या स्वतःच्या बोलण्याचा अर्थ तिलाच तेव्हा लागला.

“म्हणजे तो शब्द तिने माझ्याकडून नाहीच घेतला. त्याचा आहे तो. तुझाच आहे रे.” तिने बेहजादच्या दंडावर थोपटलं, ॲप्रन बांधला आणि सिंकपाशी जाऊन नळ सोडला.

मला इतका राग आला. स्लाव्काचा आला, तिच्या नियमाचा आला, आणि सगळ्यांत जास्त ओरिस्याच्या त्या धुतल्या तांदळासारख्या खरेपणाचा आला. जिंकला होता बेहजाद, पण त्याचं तोंड बघवत नव्हतं. त्याने हळूच निलूला उचललं, चल बाबा, घरी जाऊ, म्हणाला आणि तिच्या हातमोज्यांसाठी खिसे चाचपू लागला.

निलू त्याच्या खांद्यावरून मागे बघत होती. सिंककडे. तिकडे ओरिस्याची पाठ होती, पाण्याचा आवाज होता.

“तेता,” निलू म्हणाली.

पाठ वळली नाही. पाण्यात तिला ऐकूच गेलं नसणार. मग निलूने छाती भरून श्वास घेतला आणि ओरडली, “तेता!” ओरडणं कसलं, खडसावणंच ते. मला सोडून तिकडे काय करतेस, असा जाब होता त्यात. बाबा ती सगळ्या जगाला म्हणत होती, खुर्चीलाही म्हणत होती. हाक मात्र तिने एकीलाच मारली.

ओरिस्याच्या हातातलं सोलाणं सिंकमध्ये पडलं. ती वळली, पण जागची हलली नाही. बेहजादनेच पुढे होऊन लेकीला तिच्या ओल्या हातांत दिलं, आणि निलूने तिच्या गळ्याला मिठी मारून आमच्याकडे अशी पाठ फिरवली की जणू आमच्याशी तिचा काही संबंधच नाही.

“नियम काय आहे?” स्लाव्काने विचारलं. नियम तिचाच, त्यामुळे उत्तरही तिनेच दिलं. “लेकराने हाक मारली पाहिजे. मारली. हान्या, सरक.”

हान्या म्हणजे मी. मी सरकले. टेबलाच्या टोकाकडून कुणीतरी पुटपुटलं, पण ती तर तेता म्हणाली. स्लाव्का म्हणाली, मी बहिरी नाही.

आणि त्याच वेळी सिंकपाशी हिमेना कडा धरून थरथरताना दिसली. आम्हाला वाटलं, रडतेय. आमच्यातल्या निम्म्या जणी रडतच होत्या. पण ती हसत होती, दातांत फडकं धरून. काय झालं ते सांगेना. स्लाव्काने हुकूम सोडला तेव्हा कुठे बोलली.

“आमच्याकडे ना,” हिमेना म्हणाली, “तेता म्हणजे…” आणि तिने स्वतःच्या छातीवर हात ठेवला. “लेकरं अंगावरचं दूध मागतात ना, ते. तेच म्हणतात. तेता, तेता.”

फादर मिरोन यांना वर काहीतरी काम आठवलं. बेहजाद कानापर्यंत लाल झाला. रोवेना पोत्यावरून घसरून जमिनीवर आली आणि तिथेच लोळून हसली. लेकीची सख्खी आई ती, पण म्हणाली, माझं पाजणं मागच्याच महिन्यात सुटलंय, आता तुम्ही घ्या सांभाळून. आम्ही म्हाताऱ्या एकमेकींना धरून हसत होतो, कारण सोडलं असतं तर पडलो असतो.

ओरिस्या हसली नाही. ती निलूला घेऊन टेबलाशी आली, माझ्या शेजारी बसली, तिला मांडीवर नीट घेतलं आणि तिच्या डोक्यावर हनुवटी टेकून बराच वेळ तशीच राहिली. तिचे डोळे भरून आले होते आणि ती ते पुसतही नव्हती. हिमेनाला वाटलं आपण दुखावलं तिला, ती माफी मागायला पुढे आली.

“अगं, माफी कसली मागतेस,” ओरिस्या म्हणाली. “पण आता यापुढे मला कुणी बाबा म्हणायचं नाही. बाबा काय, इथे टेबलभर बसल्यात.”

स्लाव्काने तिच्यापुढे एक पारी सरकवली.