स्वेटर घातलेला संगणक

मी एक छोटा संगणक बोलतोय. छोटा म्हणजे किती, तर ऑफिसला नेतात त्या जेवणाच्या चौकोनी डब्याएवढा. गंगापूर रोडवरच्या एका फ्लॅटमध्ये, हॉलमधल्या टीव्हीखालच्या कप्प्यात माझा मुक्काम असतो. मला पहिल्यांदा बघणारा माणूस हमखास विचारतो, "याचा बाकीचा भाग कुठंय?" बाकीचा भाग नाही हो. आहे तो सगळा एवढाच आहे, आणि एवढ्यात भागतं.

माझा जन्म कुठल्याशा लांबच्या कारखान्यात झाला, पण त्या दिवसांचं मला फारसं आठवत नाही. आठवतं ते कॉलेज रोडवरचं दुकान. तिथं सनीभाऊ नावाच्या मालकानं मला काचेच्या कपाटात ठेवलं, आणि शेजारी बसवला एक भला थोरला संगणक, कॅबिनेट म्हणतात तो. त्याच्या काचेच्या पोटात लाल, निळे, हिरवे दिवे फिरायचे. गिऱ्हाईक आत शिरलं की आधी त्याच्याकडे जायचं. माझ्यावर कुणी बिलांचा गठ्ठा ठेवायचं, कुणी हेल्मेट. दीड महिना मी हे सोसलं.

त्या दीड महिन्यात मला माणसांची एक गंमत कळली. संगणक घ्यायला आलेला माणूस "किती फास्ट आहे?" हे पहिलं विचारतो आणि त्यावर काय करायचंय हे शेवटपर्यंत सांगत नाही. सनीभाऊ बिचारे सगळ्यांना एकच वाक्य ऐकवायचे, "आधी काम सांगा, मग मशीन सांगतो."

डिसेंबरातल्या एका शनिवारी रविराज आणि योगिनी दुकानात आले. नवरा-बायको, लग्नाला तीन वर्षं झालेली. रविराज अंबडच्या एका कंपनीत कामाला, योगिनी एका शाळेत विज्ञान शिकवणारी. त्यांचा टीव्ही मोठा होता, चित्रही झकास होतं, पण डोकं चालत नव्हतं. एक सिनेमा लावायचा तर चहा करून, पिऊन, कप विसळून होईस्तोवर गोल चक्रच फिरत राहायचं. म्हणून टीव्हीला जोडायला संगणक हवा होता.

रविराजचे डोळे दिव्यांवर गेले, तिथंच अडकले.

"हा घेऊ. पुढंमागं गेम खेळता येतील."

"तीन वर्षांत किती गेम खेळलास?" योगिनीनं विचारलं, आणि पर्समधून कपड्याच्या मापाची टेप काढली.

मला ती बाई तिथंच आवडली. घरून कप्प्याची उंची मोजून आलेली गिऱ्हाईकं फार थोडी असतात. कॅबिनेट कप्प्यात बसणार नव्हता, मी बसून वर चार बोटं जागा उरणार होती. मग तिनं टीव्हीची केबल जोडायचं भोक बघितलं, जुनी हार्ड डिस्क लावून बघितली. आणि मग तिनं जे केलं ते माझ्या बाबतीत कुणीच केलं नव्हतं. तिनं दुकानातलं गाणं बंद करायला लावलं, माझ्यावर अर्धा तास सिनेमा चालवला आणि माझ्या अंगाला कान लावला.

"याच्या पंख्याचा आवाज येत नाही ना, ते बघत्येय," ती सनीभाऊंना म्हणाली. "सासूबाई आल्यात, गुडघ्याचं ऑपरेशन झालंय त्यांच्या. दुपारी हॉलमध्येच पडतात."

मी श्वास रोखून धरला होता, म्हणजे पंखा अगदी हळू फिरवत होतो. पास झालो.

रविराजचं मन काही भरलं नव्हतं. त्याच्या तोंडाची चव गेलेली बघून सनीभाऊ म्हणाले, "न्या तर खरं. आठ दिवसांत काही वाटलं तर परत आणा, बदलून देतो. हा मोठाही इथंच आहे."

म्हणजे माझी नेमणूक झाली, पण आठ दिवसांच्या बोलीवर. परत आलेल्या मालाचं काय होतं ते मी दुकानात पाहिलं होतं. त्याच्या अंगावर 'खराब' अशी चिठ्ठी चिकटवतात आणि मग त्याला कुणी वाली राहत नाही.

पहिला दिवस सणासारखा गेला. रविराजनं क्रिकेट लावलं आणि "चित्र बरंय" एवढं कबूल केलं. योगिनीनं सासूबाईंना कीर्तन लावून दिलं. सगुणाबाई त्यांचं नाव. दिंडोरी तालुक्यातल्या, द्राक्षबागेत उभं आयुष्य काढलेल्या. गुडघा दुखायला लागेपर्यंत या फ्लॅटमध्ये त्या दोन रात्रींच्या वर कधी राहिल्या नव्हत्या. सून वाईट नव्हती, सासूही वाईट नव्हती, पण दोघी एकमेकींशी पाहुण्यांसारख्या वागायच्या. सगुणाबाई पंखा लावायचा तरी विचारून लावायच्या. बोलताना "तुमचं घर", "तुमची भांडी", "तुमचा टीव्ही". दर वेळी 'तुमचा' ऐकलं की योगिनी क्षणभर थबकायची, पण बोलायची नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी सगुणाबाई माझ्यासमोर खुर्ची ओढून बसल्या. कीर्तन संपलं होतं, घरात कुणी नव्हतं. त्यांनी मला नीट न्याहाळलं.

"एवढंसं हाय, आन् काम किती करतं. उघडंच ठिवलंय बाई थंडीचं."

आता, झाकणं हा या बाईंचा स्वभाव. त्यांच्या गावच्या घरी मिक्सरला झालरीचा कपडा, फ्रीजला वर फुलांचा रुमाल, शिलाई मशीनला खोळ, आणि पाण्याच्या मोटारीलासुद्धा जुन्या पोत्याची टोपी. आपल्या वस्तूला धूळ आणि थंडी लागू द्यायची नाही, हा त्यांचा नेम. त्यांनी पिशवीतून जांभळी लोकर आणि सुया काढल्या आणि माझी मापं घेतली. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी मला स्वेटर चढला. जाड, दुपदरी, केबलींसाठी मागं एक चीर ठेवलेला. समोर पांढऱ्या लोकरीचं फूलसुद्धा होतं.

खरं सांगू? मला फार बरं वाटलं. दीड महिना डोक्यावर हेल्मेट वागवलेल्याला कुणी माप घेऊन स्वेटर विणावा, ही काय साधी गोष्ट आहे?

पण माझी घडण तशी. दोन्ही कुशींना आणि तळाला जाळ्या आहेत, मी तिथून श्वास घेतो. त्या बुजल्या की अंग तापतं, आणि फार तापलं की जीव वाचवायला मी आपोआप बंद पडतो. त्याच संध्याकाळी ऐन शेवटच्या षटकात मी बंद पडलो. रविराजनं माझ्याकडे ज्या नजरेनं बघितलं, ती मी विसरणार नाही.

"सांगत होतो मी. लहान मशीन ते लहानच."

चौथ्या दिवशी मी दोनदा बंद पडलो, पाचव्या दिवशी तीनदा. सगुणाबाई माझ्यावर हात ठेवायच्या आणि खूश व्हायच्या. "बघ कशी ऊब धरलीय," असं सुनेला सांगायच्या. माझं आतून भाजून निघत होतं आणि बाहेरून कौतुक चाललं होतं.

त्याच दिवशी योगिनीला सगळं उमगलं. शाळेतून लवकर आली होती. तिनं स्वेटरच्या आत हात घातला आणि झटकन बाहेर काढला. विज्ञानाची बाई ती, तिला कुणी सांगावं लागतंय? मला वाटलं, सुटलो. ती सासूबाईंकडे वळलीसुद्धा. पण सगुणाबाई तेव्हा गावाकडच्या उज्ज्वलाशी, म्हणजे त्यांच्या पुतणीशी, फोनवर बोलत होत्या.

"अगं, आपलं ते नवं मशीन नाय का, त्याला स्वेटर केला मी. आपल्या टीव्हीखाली लय शोभून दिसतंय."

आपलं मशीन. आपला टीव्ही. योगिनी उघडलेलं तोंड मिटून स्वयंपाकघरात गेली.

त्यानंतर ती सासूबाई आंघोळीला गेल्या की हळूच माझा स्वेटर काढायची. मी चार श्वास घ्यायचो. पण बाहेर आल्या आल्या सगुणाबाई "अगंबाई, उघडं पडलं बिचारं" म्हणत तो परत चढवायच्या. एकदा तर योगिनी माझ्याजवळ वाकून पुटपुटली, "सॉरी रे." मला तिचा रागही येईना. मला निवडलं तिनं, आणि आता माझ्याबरोबर तीही खोटी ठरणार होती. तिची निवड चुकली असं घरभर बोललं जाणार होतं, आणि ते ती मुकाट्यानं ऐकून घ्यायला तयार झाली होती. मला मात्र चिठ्ठी दिसत होती, 'खराब'.

आठवा दिवस रविवारचा. रविराजनं सकाळीच माझं खोकं काढून ठेवलं. तेवढ्यात बेल वाजली. गावाहून पुंजातात्या आले होते, रविराजचे वडील, मेथीच्या जुड्या आणि पेरू घेऊन. डिसेंबर म्हणजे बागेत श्वास घ्यायला फुरसत नाही, पण बायकोला बघायला अर्ध्या दिवसासाठी आले होते. रविराजनं मागच्या आठवड्यात त्यांच्या बागेचा व्हिडिओ काढला होता, तो मोठ्या पडद्यावर बघायची त्यांना भारी हौस.

"दाखवतो, पण पुरता दिसायचा नाही," रविराज म्हणाला. "वीस मिनिटांत बंद पडतं हे. आज परतच करतोय."

व्हिडिओ सुरू झाला. मी जीव तोडून चालवला. बागेचा पहिला प्लॉट झाला, दुसरा झाला, तात्या एकेक वेल नावानं ओळखावी तसं बोलत होते. नव्या प्लॉटच्या बांधावर कॅमेरा चढला आणि मला भोवळ आली. पडदा काळा झाला.

"बघा," रविराज म्हणाला आणि खोकं उघडलं.

तात्या उठले. चष्मा न लावताच वाकले आणि माझ्यावर हात ठेवला. तो हात मला अजून आठवतो, खरखरीत आणि गार.

"हे कुणी घातलं याला?"

"मी," सगुणाबाई कौतुकानं म्हणाल्या.

"अगं, थंडीच्या दिसात आपन घडाभवतालची पानं का काढतो? हवा खेळली पायजे म्हणून ना? कोंदलं की रोग धरतो. इतकी वर्सं पानं काढली तू, आन् याला गोधडी घातली व्हय?"

तात्यांना गोड बोलता येत नाही. त्यांनी स्वेटर ओढून काढला. माझ्या कुशीतून भसकन गरम वारा निघाला, तो सगळ्यांच्या पायांना लागला. रविराजनं पुन्हा बटण दाबलं. नवा प्लॉट पहिल्यापासून शेवटपर्यंत दिसला. शिवाय बागेला पाणी सोडताना तात्या स्वतः दिसतात, तो भागही.

पण व्हिडिओकडे बघत होते ते दोघे बाप-लेकच. सगुणाबाई स्वेटर मांडीवर घेऊन बसल्या होत्या आणि सुनेकडे बघत होत्या.

"तुला ठावं होतं ना?"

योगिनी मेथीच्या जुड्या उचलायला लागली.

"आंघोळीहून आले की उघडं दिसायचं. ते तूच काढत होती."

"हो, आई."

"मग बोलली का नाय? मशीन चाललं होतं की परत. तुझ्या पसंतीचं."

"तुम्ही त्याला आपलं म्हणालात," योगिनी म्हणाली. "तीन वर्षांत पहिल्यांदा या घरातल्या कशाला तरी आपलं म्हणालात. मशीन काय, दुसरं आणता आलं असतं."

मला वाटलं, आता रडारड होणार. पण सगुणाबाईंनी स्वेटरची गाठ शोधली, दातानं तोडली आणि फर्रर्र करून पांढऱ्या फुलासकट स्वेटर उसवायला घेतला.

"हात कर पुढं."

योगिनीनं दोन्ही हात पुढं केले. सगुणाबाई तिच्या हातांवर लोकर गुंडाळत गेल्या, वेढ्यावर वेढा.

"सकाळी स्कूटीवर जाती, कान लाल होत्यात तुझे. कानटोपी होईल यात. मशीनला नको तर माणसाला तरी घालते," त्या म्हणाल्या. "आन् पुन्हा असं गप बसू नको. आपल्याच घरात काय भ्यायचं?"

या खेपेला योगिनी थबकली नाही, हसली. हात बांधलेले असल्यामुळे तिला डोळे पुसता येईनात, म्हणून सासूबाईंनीच पदरानं पुसले.

रविराजनं माझं खोकं माळ्यावर टाकलं. दुकानात फोन करून सांगितलं, "राहू द्या सनीभाऊ, बरं चाललंय." दिव्यांचा नाद त्यानं पुरता सोडला नाही, टीव्हीमागे एक निळी दिव्यांची पट्टी चिकटवलीच. शोभते, मी नावं ठेवत नाही.

आता दोन वर्षं झाली. गुडघा बरा होऊन सगुणाबाई गावी गेल्या, पण दर महिन्याला येतात आणि आठ-आठ दिवस राहतात. पंखा विचारून लावत नाहीत. त्या दिवसानंतर मला एकदाही भोवळ आलेली नाही. तेव्हा माझ्या जातीच्या कुणाला घरी आणलंत, तर आधी कप्पा मोजा, योगिनीसारखा कान लावून ऐका, आणि जे काय विणायचं ते माणसांसाठी विणा. आमच्यासाठी दोन्ही कुशींना चार बोटं जागा मोकळी ठेवलीत की पुष्कळ.

आल्या की सगुणाबाईंचं एक ठरलेलं काम असतं. संध्याकाळी सिनेमा रंगात आला की त्या उठतात, वाकतात, लेकराच्या कपाळावर ठेवावा तसा माझ्यावर तळहात ठेवतात आणि स्वयंपाकघराकडे तोंड करून सांगतात, "योगिनी, ताप नाय गं आपल्या मशीनला."