गाडीवाल्याच्या हाती पोटगी

आईच्या तेराव्याच्या सकाळी स्वयंपाकाला ज्वारी काढायची म्हणून केवळानं कणगी उघडली. वरच्या थराला जाळी लागली होती आणि खाली कणगी गच्च भरलेली होती. घरात एवढी ज्वारी असताना आई दुसऱ्याच्या रानात निंदायला का जात होती, हे तिला उमजेना.

ती विचार करत होती तोवर दारात हवालदार येऊन उभा राहिला. त्याच्या हातातलं वॉरंट केवळाच्या बापाच्या, धोंडीबाच्या नावाचं होतं.

धोंडीबा मेंढपाळ. त्यानं दुसरी बायको केली तेव्हा केवळाच्या आईनं, कासाबाईनं, परभणीच्या कोर्टातून पोटगी मिळवली होती, दरमहा द्यायची. पण मेंढपाळाच्या हाती महिन्याच्या महिन्याला काय पडतं? तो कळप घेऊन गोदाकाठानं फिरायचा, लेंडीखतासाठी लोकांच्या शेतात मेंढ्या बसवायचा. त्याचा मोबदला सुगीला ज्वारीत मिळायचा. ती ज्वारी शेतकऱ्याच्याच गाडीतून परस्पर कासाबाईच्या दारी धाडली की पोटगी फिटली, असं तो धरून चाले. कासाबाईनं मात्र गेल्या वर्षी कोर्टात अर्ज दिला की पोटगी वेळेवर येत नाही.

"तुमच्या मेंढरांमागं हिंडून वहाणा झिजल्या माझ्या," तेराव्याला आलेल्या धोंडीबाला हवालदार म्हणाला. "म्हनलं, बायकोच्या तेराव्याला तरी घावशीला."

"पन साहेब, जिची पोटगी तीच गेली की," धोंडीबा म्हणाला.

"बाई गेली. थकलेले महिने कुठं गेले? त्यापायी आत बसावं लागतंय."

"ज्वारी धाडलीया म्या. दर सुगीला!"

"कोर्ट काय भाकरी थापतंय का?"

केवळानं शेजारच्या तानुबाईला बाजूला घेतलं. "मावशे, आई कोर्टात खोटं बोलली का गं?"

"खोटं कशाला बोलंल? शिवली न्हाई ती त्या ज्वारीला. म्या म्हनलं, येडे, खा की. तर मलाच म्हनती, कोर्टानं त्याला सांगितलंय, गाडीवाल्याला न्हाई."

हे ऐकून केवळाचा गुंता आणखीच वाढला. कोर्टात सांगायला म्हणून तीही निघाली. चुडाव्याहून रेल्वेनं परभणीला जाताना समोरच्या बाकावर हवालदाराशेजारी बाप बसला होता. ज्वारी आली म्हणावं तर मेलेली आई खोटी पडते. आली नाही म्हणावं तर बाप आत जातो. आणि दोघांपैकी खोटं तर कुणीच बोललं नव्हतं. परभणीचं स्टेशन आलं तरी तिचं काही ठरलं नाही.

कोर्टात मॅजिस्ट्रेटनं विचारलं, "कासाबाईची एकटी वारस तूच ना?"

"व्हय साहेब."

"तुझ्या आईला पोटगी पोचली होती का?"

"ज्वारी पोचली व्हती. पन आईनं ती घेतली न्हाई."

"म्हणजे मिळाली की नाही? एक काय ते सांग."

कारकून टाक उचलून वाट पाहत होता. धोंडीबा पागोटं हातात धरून तिच्याकडे बघत होता. आई असती तर काय म्हणाली असती, याचा केवळाला काही केल्या अंदाज येईना.

"आईला न्हाई मिळाली," ती म्हणाली. "कनगीत तशीच हाय. ती आता म्या घेतली, साहेब. माझं काई मागनं न्हाई."

मॅजिस्ट्रेटनं चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. मग थकबाकी वारसाला पोचली असं लिहून घेतलं आणि धोंडीबाला सोडलं.

बाहेर आल्यावर धोंडीबा बराच वेळ पागोटं बांधत राहिला. ते नीट बसेना.

"खाल्लीच न्हाई म्हनतीस तिनं?"

"न्हाई."

"मग सांगायचं तरी मला."

"आला असतास तर सांगितलं असतं."

बापावर रागवावं की त्याचं पागोटं नीट बांधून द्यावं, हे केवळाला कळेना.

"आता तुझीच हाय ती ज्वारी," शेवटी तो म्हणाला. "वालूरला सासरी न्हेतीस का?"

"जाळी लागलीय तिला."

"मग मेंढरांला घालू?"

"घाल," केवळा म्हणाली. "पन न्यायला तू ये, बा. गाडी धाडू नको."