हिरव्या रंगाचे बोल्ट

सकाळी नऊ वाजता जुनं प्रसारण बंद होणार होतं. ऑर्विन टोरगर्सन पाच मिनिटं आधीच कॉफी घेऊन टीव्हीसमोर बसला. नऊ वाजले, सव्वानऊ झाले. पडद्यावरची बाई शहरातलं हवामान सांगतच राहिली.

"वाटलंच होतं," तो डेलाच्या खुर्चीला म्हणाला. डेला, त्याची बायको, जाऊन चौदा महिने झाले होते. तिला सांगायची सवय गेली नव्हती.

खोऱ्याचं टीव्ही स्टेशन म्हणजे टेकडीवरची पत्र्याची खोली, एक मनोरा आणि ऑर्विन. शहरातलं चित्र पकडायचं आणि खालच्या पन्नासेक घरांना पोचवायचं, एवढीच त्याची ताकद. एकतीस वर्षं खोलीची किल्ली ऑर्विनच्या खिशात होती. आता कंपनी आली होती. नव्या पिढीचं डिजिटल यंत्र फुकट, घरोघरी टीव्हीला जोडायचा एक डबा फुकट. बदल्यात चॅनेलमधली उरलेली जागा कंपनीची. तिथून ती शेतातल्या ट्रॅक्टरांना दिशा दाखवणारे आकडे पाठवणार होती.

दानाच्या गाईचे दात मोजू नयेत म्हणतात. ऑर्विन आधी दातच मोजायचा. आपल्या डब्याचं सीलही त्याने फोडलं नव्हतं. आपण टीव्ही बघतो तेव्हा तो डबा कुणाला बघतो, कोण जाणे.

दुपारी खोऱ्याच्या टीव्ही मंडळाचा अध्यक्ष म्हणून त्याला कंपनीच्या करारावर सही करायची होती. सही झाली नाही तर कंपनी यंत्र काढून नेणार होती. जुन्या यंत्राचे भाग आता कुठेच मिळत नव्हते. म्हणजे खोऱ्यात काळोख.

तो ग्लेनिसच्या हॉटेलात पोचला तेव्हा कंपनीची इंजिनियर मारिसेला कागद मांडून बसली होती.

"जुनं बंद केलंस?" त्याने उभ्यानेच विचारलं.

"बरोबर नऊला."

"दोन्ही एका चॅनेलवर मावत नाहीत, म्हणून जुनं बंद करावं लागतं. हे तूच सांगितलंस ना?"

"हो."

"मग माझ्या घरी जुनं चालू कसं? डबा सीलबंद पडलाय."

ग्लेनिस काउंटरमागून म्हणाली, "माझ्याकडे तर नऊला काळोख झाला. डबा जोडला तेव्हा चित्र आलं."

"म्हणजे एकट्या माझ्यासाठी चालू ठेवलंय. म्हातारा गप्प बसावा म्हणून."

मारिसेला हसली नाही. "मिस्टर टोरगर्सन, लहरी दारावरची पाटी वाचून आत शिरत नाहीत. तुमच्या छपरावरचा अँटेना कुठे बघतोय?"

"टेकडीकडे. आणखी कुठे बघणार?"

कॉफी ओतता ओतता ग्लेनिसचा हात थांबला. ऑर्विनने ते पाहिलं.

"काय गं?"

"काही नाही. जाऊन बघ."

"म्हणजे काहीतरी आहे."

"जाऊन बघ म्हटलं ना."

तिघंही त्याच्या घरी आले. शिडी लावून तो वर चढला. अँटेना धुराड्याच्या आड होता, खालून दिसायचा नाही. टेकडी पूर्वेला होती आणि अँटेना पश्चिमेकडे बघत होता. तिकडे शेजारच्या खोऱ्याचा मनोरा होता. तोही शहरातलंच चित्र दाखवायचा, पण त्याचं जुनं प्रसारण अजून चालू होतं.

बोल्टना गंजू नयेत म्हणून रंग लावला होता. हिरवा, त्याच्या स्वयंपाकघरातल्या कपाटांचा.

"डेला चढली तेव्हा शिडी मी धरली होती," खालून ग्लेनिस म्हणाली. "तू दवाखान्यात होतास तेव्हा."

बारा वर्षं झाली त्याला. तेव्हाची कामाची पद्धत साधी होती. ऑर्विन टेकडीवर अँटेना फिरवायचा आणि डेला घरी टीव्हीसमोर बसून वायरलेसवर सांगायची. जरा डावीकडे. पडद्यावर अजून मुंग्या आहेत. त्या हिवाळ्यात तिने अंधार पडेपर्यंत मुंग्या आहेत म्हणून सांगितलं आणि उतरताना तो बर्फावर घसरला. सकाळी सापडला. पायाची दोन बोटं गेली. त्यानंतर मात्र दर वेळी तिचं उत्तर लगेच यायचं. साफ आहे, ये खाली, सूप गार होतंय. घरी येऊन बघावं तर चित्र खरंच साफ असायचं. त्याला वाटायचं, आपला हात बसला.

"आणि तुमच्या टीव्हीवर मुंग्या असल्या तर?" त्याने वरून विचारलं.

"तर मी डेलाला फोन करायचे. ती म्हणायची, ऊन पडलं की त्याला वर पाठवते. आमचं चित्र एक दिवस उशिरा सुधारायचं, ऑर्विन. कुणी मेलं नाही. तूही नाही."

ऑर्विनने खिशातून पाना काढला. मग मारिसेलाला म्हणाला, "पोरी, त्या डब्याचं सील फोड. जोड टीव्हीला आणि समोर उभी राहा."

त्याने बोल्ट सैल केले तशी हिरव्या रंगाला चीर गेली. त्याने अँटेना आपल्या टेकडीकडे वळवला. खिडकी उघडी होती.

"आलं?"

"नाही."

"आता?"

"नाही. मध्ये खडक येतोय बहुतेक. उजवीकडे करा."

वारा वाढला. बोटं बधिर झाली.

"आता?"

"नाही."

"खरं सांग. थंडी आहे म्हणून काही सांगू नकोस."

"एकदा आलं आणि गेलं. याला मी आलं म्हणणार नाही."

ऑर्विनने पाना खाली ठेवला. "कागद आण."

"वर?"

"वर. पेनही आण."

मारिसेला शिडीच्या टोकापर्यंत आली. "चित्र अजून आलेलं नाही, मिस्टर टोरगर्सन. उंच खांब लावला तर येईल, पण आज नाही."

"ऐकलं मी. म्हणून तर सही करतोय." त्याने धुराड्यावर कागद टेकवून सही केली. "त्या ट्रॅक्टरच्या भानगडीवर माझा अजून विश्वास नाही. किल्ली माझ्याकडेच राहील."

"राहू दे."

ती खाली उतरली. ऑर्विनने अँटेना परत पश्चिमेकडे वळवला. हिरव्या रंगाची चीर जिथे चिरेला मिळाली, तिथे थांबला आणि बोल्ट आवळले.